दाढी-मिशी पांढरी का होते आणि तिचे काय करावे

वडीलधारी माणसे ‘माझे केस काही उन्हात पांढरे झालेले नाहीत’ असे सुनावतात ते आपल्या अनुभवाची जाणीव करून देण्यासाठी. पण शरीरशास्त्राच्या हिशेबानेही त्या वाक्यात तथ्य आहे. उन्हाने केसाचा रंग थोडा विटतो, केस पिकत नाही. तो पिकतो त्वचेच्या आत, मुळाशी, आणि आरशात दिसतो तोवर ती गोष्ट घडून काही दिवस उलटलेले असतात. दाढीत पहिला पांढरा केस दिसल्यावर तेल, लेप, गोळ्या आणि कलप यांच्यामागे धावण्यापूर्वी एवढी एक गोष्ट नीट समजून घेतली, तर पुढचा बराच खर्च आणि त्वचेचे हाल वाचतात.

मुळाशी काय घडते

प्रत्येक केस त्वचेतल्या एका लहानशा पिशवीतून, म्हणजे केशकूपातून, वाढतो. कूपाच्या तळाशी रंगपेशी असतात. त्या मेलॅनिन हे रंगद्रव्य तयार करतात आणि वाढणाऱ्या केसाच्या पेशींमध्ये ते भरत जातात. काळा-तपकिरी रंग देणारे यूमेलॅनिन आणि पिवळसर-तांबूस रंग देणारे फिओमेलॅनिन असे त्याचे दोन प्रकार आहेत; दाढी-मिशीत एखादा तांबडा केस का दिसतो, त्याचे उत्तर या दुसऱ्या प्रकारात आहे. केस त्वचेबाहेर आला की तो केराटिन या प्रथिनाचा निर्जीव धागा असतो. म्हणून बाहेर आलेल्या पांढऱ्या केसावर वरून काहीही चोळले तरी तो पुन्हा काळा होत नाही. तो रंगवता तेवढा येतो. याच कारणाने ‘एका रात्रीत केस पांढरे झाले’ या गोष्टीही शब्दशः खऱ्या नसतात. काही आजारांत काळे केस झपाट्याने गळतात आणि पांढरे मागे उरतात, त्यामुळे माणूस अचानक पिकल्यासारखा दिसतो.

केस सतत वाढत नाही. काही काळ वाढतो, मग थांबतो, गळतो, आणि त्याच कूपातून नवा उगवतो. प्रत्येक फेरीत रंगपेशींची नवी तुकडी लागते आणि ती कूपाच्या वरच्या भागात राखून ठेवलेल्या मूलपेशींपासून तयार होते. हा राखीव साठा संपला किंवा निकामी झाला की पुढचा केस रंगाविना उगवतो. डोक्यावरचा केस एका फेरीत साधारण २ ते ६ वर्षे वाढतो, तर दाढीच्या केसाचा वाढीचा काळ त्या मानाने बराच आखूड असतो. फेऱ्या अधिक, म्हणून साठ्यावरचा भारही अधिक. अनेक पुरुषांचे डोके काळेभोर असताना दाढी तिळतांदळी का होते, याचे हे एक पटण्याजोगे स्पष्टीकरण आहे. सुरुवात बहुतेकदा हनुवटीवर, मिशीच्या कडांना किंवा कल्ल्यांत होते.

केस पिकण्याच्या या घड्याळाची चावी मुख्यतः आनुवंशिकतेच्या हातात असते. २०१६ मध्ये लॅटिन अमेरिकेतील हजारो लोकांच्या अभ्यासातून आयआरएफ-४ या जनुकाचा केस पिकण्याशी संबंध दिसून आला. अर्थात हे एकटे जनुक सगळे ठरवत नाही. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात पांढऱ्या केसांच्या कूपांत रंग उडवणारे हायड्रोजन पेरॉक्साइड साचलेले आणि त्याचे विघटन करणारे कॅटलेज हे विकर (एन्झाइम) कमी झालेले आढळले. लगोलग बाजारात कॅटलेजच्या गोळ्या आल्या. पण कॅटलेज हे प्रथिन आहे आणि पोटात गेलेले प्रथिन डाळीतल्या प्रथिनासारखेच पचून जाते, ते हनुवटीच्या केसापर्यंत पोहोचत नाही.

मानसिक ताणाची भूमिका अगदीच बनाव नाही. २०२० मध्ये हार्वर्डच्या संशोधकांनी उंदरांमध्ये दाखवले, की तीव्र ताणात त्वचेतल्या चेतातंतूंमधून नॉरअ‍ॅड्रिनॅलिन हे ताणाच्या वेळचे रसायन स्रवते, त्यामुळे रंगाच्या मूलपेशी एकदम कामाला लागतात आणि साठा संपून जातो. पुढच्याच वर्षी कोलंबिया विद्यापीठातल्या एका छोट्या अभ्यासात काही माणसांचे थोडे पांढरे केस ताण ओसरल्यावर मुळाकडून पुन्हा रंगीत उगवताना दिसले. याचा अर्थ सुट्टीवर गेल्याने पिकलेली दाढी काळी होईल असा मात्र नाही. नुकताच उंबरठा ओलांडलेला एखाद-दुसरा केस परत फिरू शकतो, एवढाच तो आहे. धूम्रपानाचा आणि अकाली केस पिकण्याचा संबंधही अनेक पाहण्यांत दिसला आहे, शिवाय विडी-सिगारेटच्या धुराने पांढरी मिशी पिवळी पडते ती वेगळीच.

पहिली पायरी : वय, जागा आणि त्वचा पाहणे

चांगल्या उजेडात, शक्यतो खिडकीजवळ, आरसा घेऊन बसावे आणि तीन प्रश्नांची उत्तरे शोधावीत. पहिला प्रश्न वयाचा. आशियाई लोकांत डोक्याचे केस २५ वर्षांच्या आत पिकू लागले तर वैद्यक त्याला अकाली पिकणे म्हणते; आयुर्वेदात यालाच पालित्य हा शब्द आहे. तिशी-पस्तिशीत हनुवटीवर पाच-दहा पांढरे केस दिसणे ही तक्रार नव्हे, तो वयाचा क्रम आहे. वडिलांची, काकांची, मामांची दाढी कोणत्या वयात पिकली हे विचारून घेतले तर निम्मे कोडे तिथेच सुटते.

दुसरा प्रश्न जागेचा. पांढरे केस काळ्यांमध्ये विखुरलेले असतील तर चिंता नाही. मात्र एकाच ठिकाणी सगळे केस पांढरे असतील, तर तिसरा आणि सर्वांत महत्त्वाचा प्रश्न विचारावा : त्या केसांखालची त्वचाही पांढरी आहे का? असेल, तर ते कोड असू शकते. ते लवकर दाखवले तर उपचारांना प्रतिसाद मिळण्याची शक्यता अधिक असते, आणि ते संसर्गजन्य नाही हे घरातल्यांनाही सांगून ठेवावे. दाढीत रुपयाएवढी गुळगुळीत टक्कल पडली असेल तर ती बहुधा चाई असते. ती भरून येताना नवे केस सुरुवातीला बऱ्याचदा पांढरेच उगवतात आणि पुढे अनेकांचे रंग धरतात. चाईवर घरगुती चोळण्यांचे प्रयोग करत महिने घालवण्याऐवजी त्वचारोगतज्ज्ञांकडे जावे.

दुसरी पायरी : तपासणी, पण गरजेपुरती

पंचेचाळिशीतल्या माणसाने पांढऱ्या दाढीसाठी रक्ताच्या चाचण्यांचे मोठे पॅकेज करून घेणे हा माझ्या मते निव्वळ अपव्यय आहे. वय २५ च्या आत असेल, किंवा काही महिन्यांत केस झपाट्याने पिकले असतील, किंवा सोबत इतर लक्षणे असतील, तर मात्र बी-१२, हिमोग्लोबिन, फेरिटिन (शरीरातल्या लोहाच्या साठ्याची चाचणी) आणि थायरॉईडसाठी टीएसएच या चाचण्यांबद्दल डॉक्टरांना विचारणे योग्य ठरते.

यांपैकी बी-१२ कडे आपल्याकडे विशेष लक्ष द्यायला हवे, कारण हे जीवनसत्त्व भरवशाने मिळते ते दूध, दही, अंडी, मासे आणि मांस यांतूनच. शाकाहारी घरात दूधही जेमतेम चहापुरते येत असेल तर वर्षानुवर्षांत कमतरता साचत जाते. मधुमेहासाठी मेटफॉर्मिन घेणाऱ्यांत आणि आम्लपित्ताच्या गोळ्या दीर्घकाळ घेणाऱ्यांतही ती आढळते. हातापायांना मुंग्या येणे, जीभ लाल होऊन चुरचुरणे, थोड्या श्रमाने धाप लागणे ही तिची लक्षणे. साधारणपणे रक्तातले प्रमाण मिलिलिटरला २०० पिकोग्रॅमच्या खाली गेले की कमतरता मानतात, आणि २०० ते ३०० हा सीमेवरचा टापू असतो. या कमतरतेत स्वतःच्या मनाने नुसते फॉलिक अ‍ॅसिड सुरू करू नये. त्याने रक्त सुधारल्यासारखे दिसते, पण मज्जातंतूंची हानी आतल्या आत चालूच राहते.

केसांसाठी म्हणून विकल्या जाणाऱ्या बऱ्याच गोळ्यांत बायोटिन भरपूर असते आणि त्याने थायरॉईडच्या काही चाचण्यांचे आकडे चुकतात. थायरॉईड मुळीच बिघडलेले नसताना अहवाल बिघाड दाखवू शकतो. चाचणीपूर्वी किमान दोन दिवस अशा गोळ्या बंद ठेवाव्यात आणि त्या घेत असल्याचे डॉक्टरांना आठवणीने सांगावे.

कमतरता सापडली आणि ती भरून काढली, तर काही जणांचे नवे केस पुन्हा रंगीत येतात, काहींचे येत नाहीत. निकाल पाहण्यासाठी किमान सहा महिने थांबावे लागते. कमतरता नसेल तर बी-१२ ची इंजेक्शने घेऊन दाढी काळी होत नाही. कढीपत्त्याचे तेल, माका, आवळा, कांद्याचा रस यांपैकी कशानेही पिकलेली दाढी काळी झाल्याचा भक्कम पुरावा नाही. माक्याच्या तेलाने केस मऊ राहतो आणि तेवढ्यासाठी ते खुशाल लावावे. कांद्याचा रस चेहऱ्यावर लावू नये. तो गालाला भाजल्यासारखा लागतो.

तिसरी पायरी : आधी कात्री, मग बाकी सगळे

पांढरे केस मोजण्याइतकेच असतील तर बारीक टोकाच्या छोट्या कात्रीने ते मुळाशी कापावेत. चिमट्याने उपटू नयेत. एक उपटला की दोन येतात हा समज खोटा आहे, कारण एका कूपातले काम शेजारच्या कूपाला कळत नाही; पण उपटलेल्या जागी पुन्हा पांढराच केस येतो, आणि दाढीचा राठ केस उपटला की पुटकुळी होणे किंवा नवा केस त्वचेखालीच वळून आत वाढणे हे प्रकार सर्रास होतात. नाकाखालच्या भागातली पुटकुळी तर पिळूही नये.

पांढरे केस जास्त असतील तर लांबी हा खरा उपाय आहे. लांब दाढीत पांढऱ्या बटा उठून दिसतात, तर ट्रिमरने २ ते ३ मिलिमीटरवर ठेवलेल्या दाढीत काळे-पांढरे मिसळून एकसारखी करडी छटा येते. फक्त हनुवटी पांढरी आणि गाल काळे असतील तर हनुवटीवर टोकदार दाढी राखण्याचा मोह टाळावा, कारण नजर नेमकी तिथेच जाते. मान आणि गालावरची रेघ वस्तऱ्याने स्वच्छ ठेवली की पांढरी दाढी राखलेली वाटते. तीच रेघ सुटली की माणूस आजारातून उठल्यासारखा दिसतो. दाढी केल्याने केस जाड किंवा पांढरे होतात हा गैरसमज आहे. कापलेले टोक बोथट असते म्हणून ते हाताला राठ लागते, एवढेच.

पिकलेला केस बहुतेकांना कोरडा आणि हट्टी लागतो, वयानुसार त्वचेतले तेलही घटते. आठवड्यातून दोन-तीनदा सौम्य शॅम्पूने दाढी धुवावी, किंचित ओली असताना खोबरेल किंवा बदामतेलाचे तीन-चार थेंब तळहातावर चोळून लावावेत आणि केसांच्या वाढीच्या दिशेने कंगवा फिरवावा. चहा, हळदीची आमटी, तंबाखू आणि बोअरचे लोहयुक्त पाणी यांनी मिशी पिवळी पडते; जेवणानंतर मिशी नुसत्या पाण्याने धुण्याची सवय यावर सर्वांत स्वस्त आहे. तरीही पिवळेपणा राहिला तर आठवड्यातून एकदा जांभळ्या रंगाचा शॅम्पू दोन-तीन मिनिटे ठेवून धुवावा. जांभळा हा पिवळ्याचा विरोधी रंग असल्याने केस पुन्हा रुपेरी दिसतो.

चौथी पायरी : कलप लावायचा असेल तर

आधी एक हिशेब करावा. दाढी दिवसाला साधारण ०.३ ते ०.४ मिलिमीटर वाढते, म्हणजे आठवड्याला दोन-अडीच मिलिमीटर. सहा मिलिमीटरची दाढी रंगवली तर आठवड्यातच तिचा मुळाकडचा तिसरा हिस्सा पांढरा दिसू लागतो, आणि लांबी तेवढीच राखत गेल्यास तीन आठवड्यांत रंगवलेला सगळा भाग कापला जातो. डोक्याला महिन्यातून एकदा कलप पुरतो, दाढीला पुरत नाही. एखाद्या लग्नापुरता रंग लावणे वेगळे आणि दर आठवड्याला चेहऱ्यावर रसायन लावत राहणे वेगळे. निर्णय हा फरक डोळ्यांसमोर ठेवून घ्यावा.

कायमस्वरूपी काळ्या कलपात बहुधा पॅरा-फिनिलीनडायअमीन, म्हणजे पीपीडी, असते. हायड्रोजन पेरॉक्साइडशी संयोग होऊन ते केसाच्या आत रंग धरते. हेच रसायन काहींना तीव्र अ‍ॅलर्जी देते आणि युरोपीय संघाने केसाला लावताना त्याचे प्रमाण २ टक्क्यांहून अधिक नसावे असे बंधन घातले आहे. ‘अमोनियामुक्त’ याचा अर्थ पीपीडीमुक्त असा होत नाही. ‘काळी मेंदी’ या नावाने मिळणाऱ्या पुड्यांबद्दल तर जास्तच सावध असावे. मेंदीच्या पानातले रंगद्रव्य नारिंगी-तांबडे असते, ते कधीच काळे होत नाही. अर्ध्या तासात काळा रंग देणारी पूड मेंदी नसून बहुतेकदा पीपीडीच असते. घटकांची यादी छापलेली नसेल ती पुडी घेऊ नये. हा कलप मुलांच्या हाती लागणार नाही असा ठेवावा, कारण तो पोटात गेल्यास गळा सुजतो, मूत्रपिंडे निकामी होतात आणि जीवही जाऊ शकतो.

रंगवण्याच्या ४८ तास आधी कानामागे किंवा कोपराच्या आतल्या बाजूस पाकिटावरील सूचनेनुसार थोडा कलप लावून पाहावा. मागच्या वेळी काही झाले नाही म्हणून ही चाचणी टाळू नये, कारण अ‍ॅलर्जी वर्षानुवर्षे वापरलेल्या कलपाचीही अचानक जडते. ज्यांना जत्रेतल्या काळ्या मेंदीच्या टॅटूने कधी पुरळ उठले असेल, त्यांनी पीपीडीच्या वाट्यालाच जाऊ नये. खाज, लाली, सूज यांपैकी काहीही दिसले तर तो कलप आपल्यासाठी नाही.

चाचणी निर्धोक गेली तर दाढीसाठी म्हणूनच विकला जाणारा कलप घ्यावा आणि छटा आपल्या केसांपेक्षा एक पायरी फिकी निवडावी. गडद तपकिरी रंग चेहऱ्यावर नैसर्गिक दिसतो, गर्द काळा रंग मात्र बुटाच्या पॉलिशसारखा दिसतो आणि गावभर चर्चेला विषय देतो. त्या दिवशी वस्तरा फिरवलेला नसावा, त्वचेवर ओरखडा किंवा पुटकुळी नसावी. दाढी धुऊन पूर्ण कोरडी करावी, कडेच्या त्वचेला आणि ओठांना व्हॅसलीन लावावे, हातमोजे घालावेत. मिश्रण आधी सर्वांत पांढऱ्या भागाला, म्हणजे बहुधा हनुवटीला, आणि शेवटी कल्ल्यांना ब्रशने लावावे. ते केसांवर राहावे, त्वचेत चोळू नये. पाकिटावर जेवढी मिनिटे लिहिली आहेत त्याहून अधिक ठेवू नये. दोन-तीन मिनिटांनी एक छोटी बट ओल्या कापसाने पुसून रंग पाहावा आणि हवी ती छटा आली की लगेच पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवावे. भुवया आणि पापण्यांना हा कलप कधीही लावू नये. त्याने अंधत्व येऊ शकते, आणि भारतात अशा कलपाच्या वेष्टनावर तशी सूचना छापणे कायद्याने बंधनकारक आहे.

रंग लावल्यावर आग होऊ लागली तर वेळ संपण्याची वाट न पाहता धुवावे. प्रतिक्रिया कधी कधी एक-दोन दिवसांनी उमटते, म्हणून तोवर चेहऱ्याकडे लक्ष ठेवावे. पापण्या सुजणे, गालातून पाणी येणे अशी लक्षणे दिसल्यास त्वचारोगतज्ज्ञांकडे जावे. ओठ किंवा जीभ सुजली, श्वास घ्यायला जड जाऊ लागला, तर थेट रुग्णालयाच्या तातडीच्या विभागात जावे. एकदा जडलेली ही अ‍ॅलर्जी सहसा जन्मभर राहते, आणि दुसऱ्या कंपनीचा कलप आणून पाहिल्याने ती चुकत नाही.

मेंदी आणि नीळ

पीपीडी नको असलेल्यांसाठी हा जुना, वेळखाऊ, पण खरा उपाय आहे. शुद्ध मेंदीची पूड मलमलीतून गाळून कोमट पाण्यात किंवा चहाच्या पाण्यात सहा-आठ तास भिजवावी. चेहऱ्यासाठी लिंबू घालू नये. धुतलेल्या दाढीला ती दीड तास लावून ठेवली की पांढरे केस नारिंगी-तांबडे होतात. तो रंग आवडत असेल तर काम इथेच संपले. काळपट छटा हवी असेल तर मेंदी धुतल्यावर निळीच्या पानांची पूड कोमट पाण्यात चिमूटभर मिठासह कालवावी, दहा मिनिटांनी लगेच लावावी आणि तासाभराने नुसत्या पाण्याने धुवावी. ही नीळ म्हणजे कपड्यांना घालायची नीळ नव्हे, हे वेगळे सांगावे लागते, कारण गोंधळ होतो. सुरुवातीला केसांवर हिरवट झाक दिसेल. हवेशी संयोग होऊन दोन दिवसांत ती गडद तपकिरी-काळी होते, तोवर शॅम्पू लावू नये. मेंदी त्वचेलाही रंगवते, त्यामुळे हनुवटीखाली दोन-तीन दिवस तांबूस डाग राहतो. सोमवारी कचेरी असेल तर हा उद्योग रविवारी नव्हे, शुक्रवारी रात्री करावा. जी-६-पीडी या तांबड्या रक्तपेशींना जपणाऱ्या विकराची जन्मजात कमतरता असलेल्यांनी मेंदीही टाळावी.

स्त्रियांच्या हनुवटीवरचे पांढरे केस

रजोनिवृत्तीनंतर अनेक स्त्रियांच्या हनुवटीवर चार-दोन जाड पांढरे केस येतात आणि त्याबद्दल मोकळेपणाने बोलले जात नाही. येथे पैसे भरण्यापूर्वी एक गोष्ट ठाऊक असावी : लेझर केसातल्या काळ्या रंगद्रव्याला लक्ष्य करतो, त्यामुळे पांढऱ्या केसावर तो चालत नाही. कायमचा उपाय हवा असेल तर इलेक्ट्रॉलिसिस, ज्यात सूक्ष्म सुईने एकेका कूपाला विजेचा अल्प प्रवाह देतात. त्याला रंगाची गरज लागत नाही, मात्र बऱ्याच बैठका लागतात. तोवर छोटी कात्री किंवा थ्रेडिंग पुरते. तरुण वयात असे केस अचानक वाढले आणि पाळी अनियमित झाली किंवा आवाज जाड झाला, तर ते सौंदर्याचे प्रकरण नसून संप्रेरकांचे असते आणि डॉक्टरांकडे जायला हवे.

कलप सोडायचा ठरला तर

वर्षानुवर्षे रंगवलेली दाढी एकदम सोडली की मुळाशी पांढरी आणि टोकाला काळी अशी दुरंगी दिसते आणि बहुतेक जण तिथेच माघार घेतात. त्याऐवजी लागून सुट्ट्या पाहून दाढी ट्रिमरने एक मिलिमीटरवर आणावी किंवा सरळ गुळगुळीत करावी. आठवड्याभरात वर येतो तो सगळा स्वतःचा रंग असतो, आणि तीन आठवड्यांनी तिला न्हाव्याकडून आकार देऊन घेता येतो. डोके मात्र रंगवलेलेच ठेवायचे असेल तर कल्ल्यांचा सांधा जुळवण्यासाठी कानाच्या वरपासून खालपर्यंत केस हळूहळू बारीक करत आणायला त्याला सांगावे, म्हणजे काळ्यातून करड्यात जाणारी रेघ दिसत नाही.